सातव्या मजल्यावरचे बूट

आमच्या वल्लिला वस्तीतल्या इमारतीत अशी वदंता होती की देखभाल करणाऱ्या एन्सिओ रुस्कोलाला कंपनीनं इमारतीसकट विकलाय. दोन लिफ्ट, एक बॉयलर, एक एन्सिओ, असं खरेदीखतातच आहे म्हणे. आणि तो राहतोही वरच, सातव्या मजल्यावरच्या सौनात, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरात, बाकावर उशी टाकून.

सगळं खोटं. एन्सिओ ट्रामनं येतो, ट्रामनं जातो आणि उशी त्याच्या घरीच असते. त्याला कुणी विकलं नाही. मालक मात्र बदलत गेले. प्रत्येक नव्या मालकाला वाटलं, हा आधीच्यांचा माणूस असणार. त्यामुळे त्याला कुणी काढलंही नाही आणि कुणी जेवायलाही बोलावलं नाही.

तळमजल्यावर माझ्या आईची खानावळ आहे. शाळा सुटली की मी तिथे, आणि माझे कान सगळ्या टेबलांवर. इमारतीतल्या कुणाचाही आवाज मला काढता येतो, लिफ्टमध्ये मजले सांगणाऱ्या बाईचासुद्धा. पण हुकमी आवाज एन्सिओचा. तो "हो" म्हणतो ते श्वास आत ओढून, थंड पाण्यात पाय पडल्यासारखं.

कंपनीची कथा मी त्याच्याच तोंडून ऐकली आहे. बॉयलरच्या खोलीत उलट्या बादलीवर बसून तो विचारायचा, "तावेत्तीनं आधी काय बांधलं, सांग?"

"सौना."

"हो."

ही इमारत बांधणारा तावेत्ती हक्कापुरो आधी खिडक्यांच्या काचा विकायचा. जो तो ऑफिसं बांधतोय तर नुसत्या काचा काय विकायच्या, काचेमागची जागाच भाड्यानं देऊ, असं त्याच्या डोक्यात आलं. खालच्या मजल्यांना अजून काचा लागल्या नव्हत्या, बर्फ आत येत होतं, आणि सातव्या मजल्यावर सौनाची भट्टी पेटली होती. विमावाले, नकाशे छापणारे, बटणांचे व्यापारी, सगळ्यांचे भाडेकरार त्या बाकावर ठरले. "नागड्या माणसाला खिसे नसतात, लपवेल कुठे?" असं तावेत्ती म्हणायचा.

मग इमारती वाढल्या, पार तुर्कू शहरापर्यंत. नव्वदच्या दशकात बँका कोसळल्या तशा त्या एकामागून एक गेल्या. ही एकटी उरली. तावेत्ती वारला. पोरांनी ती स्टॉकहोमवाल्यांना विकली, त्यांनी आणखी कुणाला. दारावरचं नाव बदललं की जुनी अक्षरं काढून नवी लावायची ती एन्सिओनंच.

सौनातली गुरुवारची पुरुषांची पाळी मात्र कुणी मोडली नाही. मग लोक घरून काम करायला शिकले आणि मजले रिकामे झाले. हिवाळ्यात ऑफिसात घालायचे हलके बूट कोटाच्या खुंट्यांखाली तसेच राहिले. एन्सिओनं ते गोळा करून खोक्यात ठेवले. "येऊन नेतील," म्हणाला. कुणी नेले नाहीत.

जानेवारीत नव्या मालकांची हेन्रिका आली. तिचं बोलणं म्हणजे ताज्या लोण्यातून सुरी.

"एन्सिओ, हाय! एक छोटीशी गोष्ट. छताला ते माणसं मोजणारं यंत्र आहे ना, त्यात सौनात गुरुवारी एकच माणूस दिसतो. आणि तो माणूस..."

"मी."

"तू. म्हणजे भाडेकरू नाही. ईस्टरपर्यंत भाडेकरू दिसले नाहीत तर आपण तिथे फोनवर बोलायच्या खोल्या करू. छान होतील, बघ."

"हो," एन्सिओ श्वास आत ओढून म्हणाला.

खाली येऊन त्यानं कॉफी घेतली आणि प्यायलीच नाही. आईनं विचारलं, "काय रे झालं?"

"घरी रेडिओ बोलतो. मला बोलायला गुरुवारच आहे."

"पण गुरुवारी तरी कोण येतं तुझ्याकडे?" मी म्हटलं. आईनं टेबलाखालून माझ्या पायावर पाय दिला.

त्यानं लिफ्टमध्ये कागद लावला: गुरुवारी दुपारी, सगळ्यांनी यावं. भट्टीवर भाजायला सॉसेज आणले. शुक्रवारी ते आमच्या फ्रिजमध्ये आले. "जरा जास्त झाले," म्हणाला. पुढच्या शुक्रवारीही तेच, त्याच्या पुढच्याही.

मग एका गुरुवारी मी वाटाण्याचं सूप वाढत होते. टेबलाशी तिसऱ्या मजल्यावरचा उंच आर्किटेक्ट, ऐकू यायची यंत्रं विकणारा आणि कर सल्लागार.

"आज वर सौना आहे ना?"

"आहे. गेलो होतो मी मागे. आत कुणाची तरी पाळी चालू होती."

"कशावरून?"

"दाराबाहेर बूट."

"तपकिरी?"

"तपकिरी."

"अरे, मलाही तेच! टॉवेल घेऊन तसाच खाली आलो. कशाला माणसाला त्रास?"

"मीसुद्धा दोनदा परत आलो. बिचाऱ्याला शांतता हवी असेल."

तिघांनी मान हलवली आणि मोहरी पुढे सरकवली. माझ्या हातातला डाव सुपात पडला. तपकिरी बूट एन्सिओचे!

मी धावत बॉयलरच्या खोलीत गेले आणि तिघांच्या आवाजात सगळं करून दाखवलं. तो हसला नाही.

"म्हणजे ते येत होते."

"दारापर्यंत!"

"आणि मी आत..."

"सॉसेज उलटत बसलास."

तो बादलीवर बसला. मग म्हणाला, "चांगली माणसं आहेत. मीही तसाच परत फिरलो असतो."

"सोपं आहे. बूट आत ने."

"सौनात? बूट? आईला सांगू का तुझ्या?" मग त्याची नजर खोक्याकडे गेली. "एक जोडी म्हणजे एकट्याची पाळी. पुष्कळ जोड्या म्हणजे सगळ्यांची."

मला हसू आवरेना. "एका जोडीला भिऊन पळतात ते! एवढ्या बघितल्या तर थेट ट्राम पकडतील!"

"पैज?"

"पैज! कुणी नाही आलं तर तू आमच्या खानावळीत उभा राहून माझी नक्कल करायची."

"आणि आलं तर जूनमधल्या युहान्नुसच्या सणापर्यंत माझा आवाज काढायचा नाही."

वर जाऊन त्यानं सौनाच्या दाराबाहेर खोक्यातले बूट मांडले. "हे नकाशेवाल्याचे. एकाच बाजूनं टाच झिजवायचा. हे बटणवाल्या पोराचे, नाड्या कधी बांधल्याच नाहीत." अगदी मधोमध त्यानं स्वतःचे ठेवले आणि आत गेला.

मी जिन्यापाशी लपले. आर्किटेक्ट टॉवेल घेऊन आला. बूट बघून थांबला. मी मनात माझी नक्कल ऐकायला बसलेसुद्धा. मग तो वाकला, नकाशेवाल्याचे बूट हलकेच बाजूला सरकवले, तिथे आपले ठेवले आणि दार उघडलं. त्याच्या मागून कानाच्या यंत्रांवाला आला. मग कर सल्लागार.

मी दाराला कान लावला. दगडांवर पाणी पडलं, चर्र.

"बरं तापलंय."

"हो." एकानं श्वास ओढला, मग दुसऱ्यानं.

"सॉसेज घ्या."

"मोहरी?"

"आहे."

मग आर्किटेक्टचा आवाज: "बाहेर बूट पुष्कळ होते. बाकीचे कुठायत?"

चर्र. बराच वेळ नुसती चर्र.

"ते आधीच गेले," एन्सिओ म्हणाला.

मी खाली बघितलं. तिघांच्या बुटांखाली बर्फाचं पाणी साचलं होतं. बाकीचे सगळे कोरडे.

ईस्टरला हेन्रिकानं आकडे बघितले आणि फोनच्या खोल्या चौथ्या मजल्यावर, रिकाम्या बाजूला केल्या. गुरुवारी आता सॉसेज उरत नाहीत. कोरडे बूट मात्र एन्सिओ अजून दर वेळी मांडतो, आणि संपल्यावर एकेक उचलून खोक्यात ठेवतो.

युहान्नुसला अजून अवकाश आहे. आई विचारते, एन्सिओ काय म्हणाला? तोंडात श्वास भरलेला असतो, तो मला तसाच सोडावा लागतो. माझ्या साध्या आवाजात मी सांगते: हो म्हणाला.