द्रुपदाबाईंना वाचून दाखवायचं राहिलं

मागच्या आठवड्यात मी बापुजींबद्दल इथे लिहिलं, त्यात एक चूक आहे. 'ज्याच्याविषयी लिहिलं त्याला वाचून दाखवल्याशिवाय बापुजींनी एकही लेख पाठवला नाही,' असं मी लिहिलं होतं. ते खरं नाही... एक लेख तसाच गेला.

नव्याने वाचणाऱ्यांसाठी सांगते. बापुजी म्हणजे माझे आजोबा. मुरबाडला वाढले, शाळा मराठी, घरात गुजराती. तरुणपणी मुंबईच्या एका गुजराती दैनिकात उपसंपादक होते. मग शहापूरला घर केलं आणि तिथून आठवड्याचं सदर लिहू लागले. कथांची दोन पुस्तकंही आली. आमच्यात सगळे गवताच्या व्यापारातले, म्हणून लोक त्यांनाही शेट म्हणायचे. त्यांनी आयुष्यात गवताची एक पेंढी विकली नव्हती.

लिहायचे ते शहापूर-मुरबाडच्या माणसांवर. ही माणसं गुजराती वाचणार नाहीत, आणि वाचणारे मुंबईत... म्हणून लेख पोस्टात टाकण्याआधी बापुजी तो पिशवीत घालून त्या माणसाच्या ओट्यावर जाऊन बसायचे. समोर गुजराती कागद, तोंडाने मराठी. मी शाळेत जायच्या आधी त्यांच्याकडेच अक्षरं शिकले, दोन्ही लिपींतली. सुट्टीत त्यांच्याबरोबर जायचे आणि ऐकता ऐकता कागदावर बोट फिरवायचे.

एकदा आटगावजवळच्या पाड्यावर एका म्हाताऱ्याने त्यांना मध्येच थांबवलं. "शेट, माजी म्हस काली नाय, भुरी हाय. तुमी काली लिवली तर लोक बोलतील कोनाची चोरून आनली." बापुजींनी तिथेच काळी खोडून भुरी केली. म्हातारा म्हणाला, "आता धाडा."

तर चूक अशी कळली... माझ्या पोस्टखाली धसईच्या किसनने दोनच ओळी लिहिल्या. 'ताई, माज्या आयवर पन लिवलेला. तिला कोनी वाचून दाखवला नाय.' रात्री झोप लागली नाही. शनिवारी त्याचं शहापूरला काम होतं, तेव्हा आम्ही एसटी स्टँडवर भेटलो.

किसनची आई म्हणजे द्रुपदाबाई. नव्वदच्या दशकातली गोष्ट. नवरा गेला त्या वर्षी त्यांना बैल विकायला म्हसाच्या जत्रेत जावं लागलं. तिथे सौदा तोंडाने होत नाही. विकणारा आणि दलाल रुमालाखाली हात घालतात आणि बोटं दाबून भाव सांगतात. बाईमाणूस तिथे हात घालत नाही. दीर येतो म्हणाला होता, तो आला नाही. द्रुपदाबाईंनी स्वतः हात घातला.

बापुजी तिथेच होते. त्यांनी लिहिलं आणि वाचून दाखवायला धसईला गेले. पण घराला कुलूप होतं... द्रुपदाबाई वीटभट्टीवर कामाला गेल्या होत्या, त्या पावसापर्यंत यायच्या नव्हत्या. इकडे पेपरला जत्रेचा मजकूर लगेच हवा होता. बापुजींनी लेख पाठवला.

पुढे बाजारातल्या एका गुजराती दुकानदाराने द्रुपदाबाईंना हसून सांगितलं, "तुझा पेपरात आलाय गो." काय आलंय, ते सांगितलं नाही.

"आय आजून तेच बोलते," किसन म्हणाला. "शेट एकदा आला, परत आलाच नाय. म्हंजे वंगालच लिवला असंल. हातावरून लिवला असंल."

बापुजी परत का गेले नाहीत, ते मला माहीत होतं. आजी एकदा त्यांना म्हणाली होती, आता तरी धसईला जाऊन या. त्यावर ते म्हणाले, "छापून झाल्यावर काय वाचू? आता तिला नको म्हणता येणार नाही." तेव्हा कुणाविषयी चाललंय ते मला कळलं नव्हतं. पुढे धसईची कामं ते काकांवर टाकू लागले, एवढं आठवतं. ते शरमेने गेले नाहीत, आणि तिकडे त्याचा अर्थ असा लागला...

दोन हजार सालानंतर सदर बंद झालं. वाचकांची नातवंडं इंग्रजी शाळेत गेली होती. मग बापुजींना अर्धांगवायू झाला आणि वाचा गेली. शेवटची दोन वर्षं ते माझ्याकडे बघून ओठ हलवायचे. मी अंदाजाने पाणी द्यायचे, उशी सरकवायचे.

घरी येऊन त्यांच्या दुसऱ्या पुस्तकात तो लेख शोधला. त्यात हसण्यासारखं काही नाही. 'त्या रुमालाखाली बाईचा हात आहे म्हणून गर्दी जमली. त्या हाताने शेवटपर्यंत भाव सोडला नाही, हे फक्त दलालाला कळलं.' शेवटी द्रुपदाबाई बैलाचं दावं खांद्यावर टाकून निघतात. विकणारा दावं देत नाही, परत नेतो. किसन सांगत होता, ते दावं अजून घरात आहे.

चार दिवस मराठी करत बसले आहे. वाक्य बरोबर होतं, पण बापुजींचं होत नाही. ते कागदावरून मान वर करायचे, चष्म्यावरून बघायचे आणि विचारायचे, "बोला, काय चुकलं?"... तेवढंच मला लिहून काढता येत नाही.

भीतीही वाटते. द्रुपदाबाई म्हणाल्या, असं नाय झाला, तर? पुस्तक तर छापलेलं. मग ठरवलं, बापुजींचीच प्रत न्यायची, पेन्सिल बरोबर घ्यायची, आणि त्या सांगतील ते तिथेच खोडायचं.

किसनला फोन करून कळवलं. तो म्हणाला, "जोरात वाचा ताई, आयला आता कमी ऐकाय येतंय."

पौष पौर्णिमेला जत्रा सुरू झाली की त्यांच्या घरचे सगळे म्हसाला जातील. म्हणून मी जाणार आहे आदल्या दिवशी, चतुर्दशीला, सकाळच्या एसटीने.