कचेरीत गाळलेली वाक्यं

तालुक्याच्या कचेरीत मी कारकून म्हणून लागलो तेव्हा बावीस वर्षांचा होतो. दुभाष्याचं काम नेमणुकीत नव्हतं, ते आपोआपच माझ्याकडे आलं. वडील जंगलखात्यात होते आणि माझं नि अक्काचं लहानपण अक्राणीच्या डोंगरातल्या एका नाक्यावर गेलं. अक्का माझ्याहून चार वर्षांनी मोठी. खेळायला जी मुलं मिळायची ती पावरी बोलायची, म्हणून आम्हीही पावरी बोलायचो. घरात मराठी, अंगणात पावरी आणि सपाटीवर उतरल्यावर बाजारात अहिराणी. कचेरीत मात्र डोंगरातल्या माणसाचं बोलणं कळणारा माझ्याशिवाय कुणी नव्हता.

अक्काचं लग्न तेराव्या वर्षी झालं. पंधराव्या वर्षी ती परत आली ती केस काढलेली, तांबडं आलवण नेसलेली. मी अकरा वर्षांचा होतो. तिच्या डोक्याची मला भीती वाटली आणि दोन दिवस मी स्वयंपाकघरात पाय ठेवला नाही. तिला ते कळलं होतं. तिसऱ्या दिवशी तिनं माझं ताट बाहेर आणून ठेवलं आणि पदर पुढे ओढून आत गेली. वडील वारल्यावर आई, अक्का आणि मी असे तिघं कचेरीच्या मागच्या आळीत राहायला आलो.

दुसरं महायुद्ध सुरू व्हायच्या आधीची गोष्ट. एका सालदारानं, म्हणजे वर्षाच्या बोलीवर राबणाऱ्या गड्यानं, फिर्याद केली की डोंगरातल्या अमुक माणसानं आपल्या बायकोला फूस लावून पळवून नेलं. सालदार मूळचा डोंगरातलाच, पण सहा-सात वर्षं तापीकाठच्या एका बागायतदाराकडे राबत होता. फिर्याद द्यायला तो त्या बागायतदाराच्या बैलगाडीतून आला. मामलेदार साहेबांनी, तेच मॅजिस्ट्रेटही, विचारलं की तो जमिनीकडे बघायचा आणि उत्तर बागायतदार द्यायचा.

"याची बायको गयी साहेब. दोन्ही मानसं मन्हाकडेच ऱ्हायेत. आते मन्हं समदं काम अडी ऱ्हायनं," तो म्हणाला.

ते खरंच होतं. सालदार ठेवला की त्याची बायको शेणगोठा, दळणकांडण, कापूस वेचणी, सगळ्याला आपसूक मिळायची. ती निघून गेली होती आणि त्याचं दुःख नवऱ्यापेक्षा मालकाला जास्त होतं.

आरोपीला धरून आणून कच्च्या कैदेत ठेवलं. त्याच्यामागून ती बाई दोन दिवस चालत आली. उंच, हडकुळी, तिशीच्या अलीकडची. साहेबांनी पहिल्या दिवशी सालदाराचा जबाब घेतला आणि काम चार दिवसांनी ठेवलं. चार दिवस ती कुठं जाणार? कचेरीच्या कडुनिंबाखाली बसून राहिली. तिथं ती स्वतःशीच काहीतरी बोलत होती, ते आमच्या परसात वाळवण घालणाऱ्या अक्कानं ऐकलं आणि कुंपणाआडून तिला पावरीत हाक मारली. ती दचकून उठलीच. आलवण नेसलेली बामणाची बाई आपल्या बोलीत बोलते, हे तिला खरं वाटेना.

आईनं कुरकुर केली, पण मागच्या पडवीत तिला राहू दिलं. पाणी वरून वाढायचं, भाकरी दुरून द्यायची. आईचा तसा नियमच होता. आम्ही कुणी तो मोडला नाही. मीही नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी न्हावी आला. महिन्यातून एकदा तो मागच्या दारानं यायचा. आईचं आटोपल्यावर अक्का पायरीवर खाली मान घालून बसली. मी विहिरीवर दात घासत होतो. पडवीतली बाई उठून जवळ आली आणि न्हावी जाईपर्यंत बघत उभी राहिली. मग तिनं अक्काला विचारलं, "तू काय केलंस?"

"काही नाही. नवरा मेला."

"तू मारलास?"

"तापानं मेला."

"मग हे कशाबद्दल? तुझ्या पंचांनी काय सांगितलं?"

अक्कानं खांद्यावरचे केस झटकले. मग म्हणाली, "मला कुणी विचारलं नाही."

"आमच्यात नवरा मेला तर बाई रडते आणि मग दुसरं घर करते," ती म्हणाली. तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. अक्राणीत ज्वारी कशी पेरतात हे सांगावं तसं तिनं ते सांगितलं. अक्कानं डोक्यावर पदर घेतला आणि आत गेली. मी चूळ भरून निघून गेलो.

चौथ्या दिवशी तिचा जबाब झाला. दुपार टळत आली होती आणि त्या दिवशीची सहा कामं अजून बाकी होती. साहेब माणूस वाईट नव्हते. कुणाकडून काही घेत नसत, पण कामाचा ढीग उपसायचा एवढंच त्यांना कळे. त्यांनी विचारलं, फिर्यादी तुझा नवरा आहे का? मी ते पावरीत विचारलं आणि ती बोलायला लागली. डोंगरातली माणसं एका शब्दात उत्तर देत नाहीत, घडलं तसं पहिल्यापासून सांगतात. ती म्हणाली, "वर डोंगरात पाच पावसाळे मी त्याच्या घरी होते. तो खाली मालकाकडे गेला, मीही गेले. मालकाच्या घरी मला पहाटेपासून दिवे लागेपर्यंत काम आणि वर शिव्या. मी त्याला म्हटलं, वर परत जाऊ. तो येईना. मग मी बापाकडे गेले. पंच बसले. नवरा स्वतः आला होता, त्यानं सगळ्यांसमोर आपल्या हातानं काडी मोडली. आमच्यात काडी मोडली की संपलं. त्यानंतर मी या माणसाच्या घरी गेले. यानं मला नेलं नाही. मला कुणी नेलं नाही. मी माझ्या पायांनी गेले. पण माझी पोरगी नवऱ्यानं ठेवून घेतली. तीन वर्षांची आहे. ती मला पाहिजे."

साहेबांनी दोनदा घड्याळाकडे पाहिलं होतं. "अहो, ही किती बोलते आहे. थोडक्यात सांगा. लग्न झालं होतं की नाही, आणि आता कुणाकडे राहते?"

मी म्हणालो, "लग्न झालं होतं असं म्हणते साहेब. आता आरोपीच्या घरी राहते."

साहेबांनी लिहून घेतलं. 'झालं होतं' याचं कागदावर 'झालेलं आहे' झालं. जबाब वाचून दाखवायचं काम माझंच. मी तिला दोन ओळींत काहीतरी सांगितलं, तिनं मान हलवली, तिचा अंगठा घेतला आणि खाली मी सही केली. पंच, काडी, पोरगी, तिचे पाय, यातलं काहीही कागदावर आलं नाही. आरोपीकडे वकील नव्हता. ती आपल्याकडे राहते, एवढं तोही कबूल करत होता. त्याला तीन महिन्यांची सक्तमजुरी झाली आणि धुळ्याला धाडलं. कायद्यात बाईला शिक्षाच नव्हती. नवऱ्याच्या ताब्यातली बाई दुसऱ्यानं नेली, एवढाच तो गुन्हा होता.

निकाल तिला मीच सांगितला. ती म्हणाली, "मी सांगितलं ना, काडी मोडली म्हणून?" मी म्हणालो, "साहेबांना पटलं नाही." हे सरळ खोटं होतं. साहेबांपर्यंत ते गेलंच नव्हतं.

संध्याकाळी जेवायला बसलो तेव्हा ती निघून गेली होती. जाण्याआधी तिनं अक्काला सगळं सांगितलं होतं. अक्कानं भाकरी वाढली आणि विचारलं, "पंचांसमोर काडी मोडली, हे तू साहेबांना सांगितलंस?"

"साहेबांना घाई होती."

"मी साहेबांचं विचारत नाही."

मी ताटात मान घातली. तिनं पुन्हा विचारलं नाही. पुढचे अठरा दिवस ती मला वाढत होती, माझे कपडे धूत होती आणि एक अवाक्षर बोलत नव्हती. मी स्वतःची समजूत घालत होतो की नोकरी गेली तर दोघींना कोण पोसणार. ते खोटं नव्हतं. पण कचेरीत कुणी डोंगरातला माणूस समोर येऊन उभा राहिला की मी उगाच कागद चाळायला लागायचो.

एकोणिसाव्या दिवशी भर दुपारी अक्का डोक्यावरून पदर घेऊन बाहेर पडली आणि गावातल्या एका वकिलांच्या घरी गेली. मला आईनं कळवलं, तसा मी कचेरीतून धावत गेलो. हे वकील खादी वापरणारे, कायदेभंगात तुरुंगात जाऊन आलेले. बाजारपेठेत त्यांची भाषणं व्हायची, माणसाचा जन्मसिद्ध अधिकार, परक्या सरकारला तो काढून घेता येत नाही, असं ते फार चांगलं बोलत. मी पोचलो तेव्हा अक्का दाराशी खाली बसली होती आणि वकील अवघडून येरझाऱ्या घालत होते.

"ताई, तुमचं म्हणणं मला पटतं," ते म्हणाले. "पण नवऱ्याला सोडून गेलेल्या बाईची बाजू घेतली तर लोक म्हणतील, हे आमच्या घरातही हेच आणणार. तो बागायतदार आमच्या सभांना गाड्या देतो. स्वराज्य आलं की हे सगळं नीट करता येईल."

"तोवर तो माणूस तुरुंगात चक्की पिसत राहील," अक्का म्हणाली. "आणि त्यांच्यात बाईला नवरा सोडायची मुभा आहेच, ती काही तुम्हाला द्यायची नाही. तिचं तिच्याकडे राहू द्या, एवढंच."

वकिलांनी माझ्याकडे पाहिलं. "भाषांतर अपुरं झालं असं हे लिहून देणार असतील तर अपील लावता येईल. एरवी नाही."

अक्का माझ्याकडे वळलीसुद्धा नाही. मी म्हणालो, "देतो लिहून." हे मी धैर्यानं बोललो असं मला सांगता येणार नाही. तिच्या पाठीकडे बघत उभं राहणं मला जड झालं होतं.

अपील लागलं, माझं प्रतिज्ञापत्र धुळ्याला गेलं. शिक्षा रद्द होऊन काम पुन्हा चालवायचा हुकूम झाला, तेव्हा त्या माणसाचे तीन महिने भरायला बारा दिवस उरले होते. हुकूम एका पानाचा होता. साक्षीदाराचा जबाब नीट नोंदवला गेला नाही, एवढंच कारण त्यात होतं. डोंगरातल्या बाईला नवरा सोडता येतो की नाही, पंचांची काडी सरकार मानतं की नाही, यावर एक अक्षर नव्हतं. पुन्हा तारीख लागली तेव्हा सालदार आला नाही, आणि फिर्याद काढून टाकली गेली. मला ताकीद मिळाली आणि दफ्तरखान्यात बसवलं. दुभाष्याचं काम दुसऱ्या एकाकडे गेलं, त्याला पावरी मोडकीतोडकी यायची. पुढच्याच वर्षी तशीच दुसरी फिर्याद आली आणि तशीच शिक्षा झाली. त्या वेळी अपील कुणी केलं नाही.

सुटल्यावर ती दोघं आमच्या दाराशी आली. अक्कानं पोरीचं विचारलं. बाई म्हणाली, "पंच म्हणाले, पोर बापाची. माझ्या पंचांनी मला वाट दिली, पोर दिली नाही. तुमचा साहेब देईल?"

मी वकिलांना विचारून ठेवलं होतं. कायद्यानंही पोर बापाचीच. तसं मी तिला सांगितलं. ती नुसती हसली, आणि दोघं उत्तरेच्या वाटेला लागली.

त्याच महिन्यात न्हावी आला तेव्हा आईचं आटोपल्यावर अक्कानं आतूनच त्याला परत जायला सांगितलं. आईनं दोन दिवस अन्न घेतलं नाही. नंतर वर्षभर तिच्या हातचं खाल्लं नाही, वेगळी चूल मांडली. आळीतल्या बायकांनी आमच्या घरी यायचं थांबवलं. वकील मला रस्त्यात गाठून म्हणाले, "बहिणीला समजवा. लोकांची अजून तयारी नाही." मी तिला समजावलं नाही, पण वकिलांनाही उलटून काही बोललो नाही. अक्काचे केस वाढत गेले. सुरुवातीला ते चमत्कारिक दिसायचे, ताठ आणि आखूड. बाहेर जाताना ती पदर जास्तच पुढे घ्यायची. या सगळ्यात ती सुखी झाली असं नाही. एकदा मी विचारलं तर म्हणाली, "डोकं थंडीत गार पडत नाही, एवढं आहे."

सहा-सात वर्षांनी, होळीच्या आधीच्या बाजारात ती बाई मला पुन्हा दिसली. कडेवर एक लहान मूल होतं, नवरा सोबत होता. बागायतदाराची गाडीही बाजारात आली होती आणि गाडीजवळ नऊ-दहा वर्षांची एक मुलगी बैल राखत उभी होती. बाईनं मला ओळखलं आणि हाताला धरून तिकडे नेलं. सालदारानं दुसरी बायको केली होती, ती सपाटीवरचीच. मुलगी त्या वाड्यावर वाढलेली. तिला अहिराणीच येत होती, पावरी तिला कळत नव्हती. बाईला अहिराणी तुटकी यायची आणि त्या क्षणी तीही सुचेना.

"तिला सांग," ती मला म्हणाली, "मी हिची आई. मी हिला टाकून गेले नाही. मी मागितली होती, कुणी दिली नाही."

मी तिचं सगळं म्हणणं, एकही शब्द न सोडता, अहिराणीत सांगितलं. मुलीनं ऐकून घेतलं. तिनं आधी बाईकडे पाहिलं, मग तिच्या कडेवरच्या मुलाकडे.

"मन्ही माय वावरमा गयी शे," ती म्हणाली. "हाई बाई कोन शे, माले माहीत नही."

बाई माझ्या तोंडाकडे बघत होती. मुलगी काय म्हणाली, ते तिला माझ्याकडून ऐकायचं होतं. निदान या वेळी तरी थोडं गाळावं असं मला फार वाटलं. पण मी तिला पावरीत जसंच्या तसं सांगितलं. तिनं मान हलवली, ओच्यातले होळीचे साखरेचे हारकंगन काढून मुलीच्या हातात दिले आणि मूल सावरत गर्दीत निघून गेली.