बेटेगावची लांबलेली लढाई

पासष्टची लढाई सगळ्या देशात सप्टेंबरात थांबली; बेटेगावात माझ्या मामेसासऱ्यांच्या घरी मात्र ती दिवाळी उलटली तरी चालूच होती. रेडिओने युद्धबंदी सांगितली ती मामांनी ऐकून घेतली आणि मानली नाही. "सांगणारा बंद खोलीत बसतो, त्याला काय दिसतं?" त्यांचा विश्वास फक्त सिनेमाआधी दाखवतात त्या सरकारी वार्तापटावर, आणि तो पालघरच्या तंबू टॉकीजपर्यंत गावोगाव फिरून, शिळा होऊन यायचा. पडद्यावर तोफा उडत होत्या तोवर मामांच्या खिडक्यांवरचे काळे कागद निघणार नव्हते. तारापूरला अणुवीज केंद्राचं मोठं बांधकाम चाललं होतं. शत्रू तिकडे निघालाच तर त्याला आपल्या कंदिलाने वाट दिसू नये, ही त्यांची काळजी. "अंधारात दोनदा अंगठा फुटला माझा," मामी म्हणायच्या, "मला पदक कधी देताय?"

दर आठवड्याला मामा सायकलने पालघरला माझ्या घरी येत आणि मला टॉकीजला बरोबर नेत. वार्तापट ते उभ्यानेच बघत. मागून कोणी म्हणे, "काका, बसा की, रणगाडा दिसत नाय." मामा वळून म्हणत, "ती पोरं उभी हायत, आन् मी बसू?" मुख्य चित्रपट सुरू झाला की ते घरची वाट धरत. तिकीट वाया जाणं मला सोसत नसे, म्हणून मी शेवटपर्यंत बसे.

हेही चाललं असतं. पण मार्गशीर्षात त्यांच्या सुलूचं लग्न होतं आणि मामा गॅसबत्त्या लावू देईनात. व्याह्यांचा निरोप आला, "आम्ही मुलगी पळवून नेत नाही. दिवे नसतील तर दुसरीकडे बघतो." सुलू कोणाशी बोलेना. मी टॉकीजच्या मालकाला युद्धबंदीच्या रिळासाठी गळ घातली. तो म्हणाला, "साहेब, लढाई थांबवणं माझ्या हातात नाय."

रीळ आलं ते लग्न तोंडावर आल्यावर. जवान खंदकाबाहेर बसून दाढी करत होते, हसत होते. मग एक स्ट्रेचर गेलं. चेहरा दिसला नाही, नुसता अनवाणी पाय. मामा पहिल्यांदाच खाली बसले. बाहेर आल्यावर म्हणाले, "संपली, जावईबापू."

लग्न गॅसबत्त्यांच्या लख्ख उजेडात झालं. कागद मामांनी स्वतः खरवडून काढले, देवघराशेजारच्या खिडकीचा तेवढा ठेवला. मी कारण विचारलं.

"तो पाय हलत नव्हता," ते म्हणाले. "त्याच्या घरी अजून दिवा लागला नसंल."

आता मामा नाहीत. परवा बेटेगावला गेलो तेव्हा त्या खिडकीवर कोरा काळा कागद दिसला. जुना उन्हाने फाटला, म्हणून मामींनीच नवा लावला होता.