डाव्या कानातला वानखेडे

ही गोष्ट मी पुरती कोणालाच सांगितलेली नाही. अर्धी मात्र सगळ्यांना सांगितली आहे — स्टाफरूममध्ये, सासुरवाडीला, लग्नाच्या पंगतीत. माझ्या फजितीच्या गोष्टी लोकांना आवडतात. चुकीच्या मयतीत जाऊन अर्ध्या रस्त्यापर्यंत खांदा दिला, ती एक. आणि ही, कानातल्या फोनची. लोक पोट धरून हसतात. मग मी थांबतो. नेहमी एकाच जागी थांबतो — पुढं काही आहे असं कोणाला वाटतही नाही. तुम्हाला तरी का वाटावं?

आधी हसायचा भाग सांगतो. तो मला सोपा जातो.

काही वर्षांपूर्वी मी चंद्रपूरच्या बाजारात कानात घालायचा बिनवायरचा फोन घ्यायला गेलो. गाडी चालवताना हात मोकळे राहावेत म्हणून — असं घरी सांगितलं होतं. दुकानदारानं काउंटरवर दोन-चार प्रकार मांडले. एक तर तुरीच्या दाण्याएवढा, कानात गेला की दिसेनासा. त्याचं फार कौतुक करून राह्यला होता तो. आवाज कसा, चार्जिंग किती टिकतं, वाऱ्याचा घूं-घूं कसा येत नाही. मी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, बाहेरून दिसतो का? तो म्हणाला, नाही ना साहेब, तेच तर. मी म्हटलं, मग नको. दिसणारा दाखवा.

त्यानं आतून एक जुन्या धाटणीचा काढला. कानामागून आकडा, गालापर्यंत आलेली दांडी, आणि बोलणं सुरू असलं की लुकलुकणारा निळा दिवा. हा आता कोणी घेत नाही, असंही तो प्रामाणिकपणे बोलला. मी घेतला. तिथंच डाव्या कानात घातला.

आता गंमत अशी, की माझा डावा कान लहानपणापासून अधू आहे. फुटला होता, वाहायचा. त्या कानानं मला विहिरीतून ऐकल्यासारखं ऐकू येतं. दुकानदारानं ट्रायल म्हणून फोन लावला, तो हॅलो हॅलो करतोय आणि मी त्याच्यासमोर ढिम्म उभा. शेवटी तो ओरडला, साहेब, उजव्या कानात घाला ना! मी म्हटलं, नाही, डावाच बरा. बाहेर पडलो तर भाजीवालीनं मला बहिरा समजून वांग्याचा भाव दोन्ही हातांनी सांगितला. वर विचारलं, मशीन बसवलं का भाऊ? काही फरक पडून राह्यला का?

इथं लोक हसतात. ज्याला ऐकू येत नाही त्या कानात फोन घालणारा मास्तर! मी इथंच थांबतो. डावाच कान का, हे आजवर कोणीच विचारलं नाही. विचारलं असतं तरी मी काय सांगितलं असतं?

गाडी चालवणारा उजवीकडं बसतो. शेजारचा माणूस डावीकडं. त्याला दिवा दिसायला हवा होता.

शेजारचा माणूस म्हणजे देवाजीभाऊ. आमच्या शाळेचे शिपाई. शाळा मुलचेऱ्याच्या पलीकडं, जंगलाला लागून. आठवडाभर आम्ही दोघं गावातच खोल्या करून राहायचो. शनिवारी शाळा सुटली की माझ्या गाडीनं निघायचो — ते बल्लारपूरला घरी उतरायचे, मी पुढं चंद्रपूरला. त्यांचा मुलगा सुमित, दहावीतला, दिवाळीच्या सुट्टीत, शाळेच्या राखणीला थांबलेल्या बापाकडं राहायला आला आणि तापानं फणफणला. देवाजीभाऊंनी गोळी दिली. उतरेल म्हणाले. संध्याकाळी पोरगं बडबडायला लागलं, तेव्हा त्यांनी गाडी बोलवायला फोन लावला. त्या दिवशी टॉवर बंद. टेकाडावर चढले, तिथंही रेंज नाही. सकाळी जीप मिळाली. मेंदूतला मलेरिया होता. पोरगं रस्त्यातच गेलं.

मी तेव्हा सुट्टीत चंद्रपूरला होतो. मातीला गेलो. सगळे रडले. देवाजीभाऊ रडले नाहीत.

ते बोलायला लागले गाडीत. दर शनिवारी, गाव मागं पडलं की. सुरुवात तीच, वाक्यं तीच. दुपारी पोरगं दोन घास खिचडी जेवलं होतं. कपाळ गरम होतं पण हसून राह्यलं होतं. मग टेकाड. आणि शेवटी माझ्याकडं वळून तोच प्रश्न — "काऊन थांबलो मी, सर? सांजीलेच खांद्यावर घेऊन निघालो असतो त?" मी म्हणायचो, भाऊ, तुमचा दोष नाही. ते मान हलवायचे, बाहेर पाहायचे. पुढच्या शनिवारी पुन्हा पहिल्यापासून.

त्यांची बायको कुंदाबाई मला फाटकाशी उभी राहून सांगायची, गाडीतून उतरले की त्या दिवशी तेवढे पोटभर जेवतात. घरी पोराचं नाव काढत नाहीत. म्हणजे मला माहीत होतं. त्या गाडीतल्या बोलण्यावर तो माणूस उभा होता, हे मला पक्कं माहीत होतं. माहीत नव्हतं, असं मला म्हणता येणार नाही.

आणि मी कंटाळलो. तो शब्द लिहायला मला एवढी वर्षं लागली. दुःखानं नाही, भीतीनं नाही — कंटाळलो. शनिवार आला की खिचडीचे ते दोन घास मला आदल्या दिवसापासून ऐकू यायला लागायचे. म्हणून तो निळा दिवा. म्हणून डावा कान.

पहिल्या शनिवारी देवाजीभाऊंनी तोंड उघडलं आणि मी बोट वर केलं, कानातल्या बटणाला हात लावला — "हां, बोला वानखेडे." वानखेडे नावाचा माणूस माझ्या ओळखीत नाही. तिथल्या तिथं सुचला. मग त्याचा प्लॉट निघाला, प्लॉटला लागून नाल्याची भानगड निघाली, पुढं लग्नाची मुलगी झाली. दिवा लुकलुकायला हवा, तर बटण एका खास पद्धतीनं दाबून धरावं लागायचं. ते मी शिकलो. मी हाडाचा गोष्टी सांगणारा. वानखेडे फार छान जमला. देवाजीभाऊ हात मांडीवर ठेवून बसायचे. साहेब माणूस फोनवर आहे — खोकला आला तरी तोंडावर रुमाल धरायचे.

एकदा उतरताना त्यांनी विचारलं, "वानखेडेसाहेबाच्या पोरीले पाहाले येणार होते, जमलं का जी?" मी म्हटलं, जमेलसं दिसतंय. "बरं झालं," ते म्हणाले. त्यांना खरंच बरं वाटलं होतं.

मग तो शनिवार. मुलचेरा सुटल्यावर आष्टी येईपर्यंत मध्ये जंगलाचा एक लांब पट्टा लागतो. तिथं कोणाचाच फोन लागत नाही. आमच्याकडच्या शेंबड्या पोरालाही ते ठाऊक आहे. पट्टा यायच्या आधी माणसं गाडी बाजूला घेऊन बोलून घेतात. मला ठाऊक नव्हतं? मी दर आठवड्याला तिथून जात होतो. पण त्या दिवशी वानखेडेच्या मुलीचं लग्न ऐन रंगात आलं होतं. हुंड्याऐवजी मुलाकडचे काय मागतात, मंडप कुठं टाकायचा, मी सल्ले देऊन राह्यलो, हसून राह्यलो — आणि पट्टा केव्हा सुरू झाला, मला कळलंच नाही. दोन्ही बाजूंनी साग. मी बोलतोय. शेजारी असा माणूस, ज्याला रेंज नसणं म्हणजे काय ते या जिल्ह्यात कोणीही शिकवायची गरज नव्हती.

त्यांनी मध्येच टोकलं नाही. सगळा पट्टा ऐकून घेतला.

जंगल संपलं. डॅशबोर्डवर पडलेला माझा फोन एकदम जागा झाला — टिंग, टिंग, टिंग — अडकलेले सगळे मेसेज एकामागून एक. मी वानखेडेला वाक्याच्या मधोमध धरून बसलो होतो. तोंड उघडं. बोट बटणावर.

देवाजीभाऊ समोर काचेकडं पाहत होते. आवाज नेहमीचाच, हळू.

"रेंज आली, सर. आता बोला तुम्ही."

टोमणा नव्हता. टोमणा असता तर मला काही करता आलं असतं — रागावता तरी आलं असतं. मी काय केलं, सांगू? मी कानाला हात लावला आणि म्हणालो, "ठेवतो वानखेडे."

पुढच्या शनिवारी ते एसटीनं गेले. बायकोच्या डब्याचं काहीतरी कारण सांगितलं, माझं ओझं हलकं व्हावं म्हणून. माफी मागायला गेलो नाही. खरं सांगू का — मला बरं वाटलं. काचा खाली केल्या, गाणी लावली. पट्टा मजेत गेला.

पुढं काही दिवसांनी गाडीतच फोन वाजला. कुंदाबाई. त्या कानातल्या यंत्रावर आलेला कामाचा म्हणावा असा तो एकच फोन. अधू कानात आवाज लांबून येत होता, तरी शब्द न् शब्द कळला. त्या म्हणाल्या, ते अलीकडं घरी अगदीच मुके झालेत, जेवत नाहीत. मी पोराचा विषय काढू का? की नको? तुमच्या गाडीनंच येतो, हल्ली चौकातच उतरतो म्हणतात — म्हणजे देवाजीभाऊंनी एसटीचं घरी सांगितलंच नव्हतं. मला झाकलं होतं.

"तुमच्यापाशी बोलते ना ते, सर? बोलत असन त मी नाई काढत विषय."

शेजारची सीट रिकामी होती.

"बोलतात बाई," मी म्हटलं. "खूप बोलतात."

"मंग नाई काढत," त्या म्हणाल्या.

त्यांनी काढला नाही. देवाजीभाऊंनी काढला नाही. आता ते निवृत्त होऊन घरीच असतात. दारात खुर्ची टाकून बसतात. कोणी गेलं तर "या" म्हणतात, पाणी आणून देतात, एवढंच.

सुमितच्या आठवणीचा कार्यक्रम ते दरवर्षी करतात. बुद्धवंदना होते, नातेवाईक दोन शब्द बोलतात. गेल्या वेळी कुंदाबाईंनी मला पुढं बसवलं. जमलेल्यांना सांगितलं, हेच ते सर, यांनीच आमच्या घरच्यांचं सगळं ऐकून घेतलं, यांनी तरी बोलावं. मी उठलो. बाप गाडीत काय काय सांगायचा ते मी सांगितलं — दुपारची खिचडी, हसरा चेहरा, टेकाड. मला सगळं पाठ होतं. चांगला बोललो. बायका पदरानं डोळे पुसत होत्या. देवाजीभाऊ समोरच्या रांगेत होते, माझ्याकडं पाहत होते. मान त्यांनी एकदाही वळवली नाही.

मग पंगत बसली. पहिलं ताट कुंदाबाईंनी माझ्यापुढं ठेवलं. मी जेवलो. भाजी दोनदा मागून घेतली.