मराठीतले जादा नियम

समस्त ग्रामस्थांस अत्यंत गंभीरपणे कळविण्यात येते की, एका घरात हळदीचा डबा सापडत नाही.

कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत ही घोषणा मी ऑटोवरच्या भोंग्यातून खरोखर केली आहे. तेलंगणात, गुडीहत्नूरजवळच्या आमच्या गावात मी शाळामास्तर. पंचायतीचा सेक्रेटरी तेलुगू सूचनांचा कागद द्यायचा. तो वाचून लगेच मराठीत सांगायचा, ही माझी ड्यूटी. मास्क लावा, लांब उभे राहा, ताप लपवू नका. आवाज मुळातच नाटकी, त्यात हाती माईक. मी खुशीत होतो.

बायको आशा कार्यकर्ती. घरोघर ताप विचारत फिरली आणि स्वतःच तापली. तिला विलगीकरणासाठी माझ्याच शाळेत, चौथीच्या वर्गात ठेवलं. मला फाटकाच्या आत मनाई. बोललं की तिला उबळ यायची, म्हणून नर्सबाईंनी फोनही बंद करायला लावला.

मग मी रोज ऑटो शाळेसमोर थांबवू लागलो. ती खिडकीत यायची, गज धरून उभी राहायची. आमच्यात नवरा बायकोला घरातसुद्धा ‘तुझी आठवण येते’ म्हणत नाही. म्हणून मी सरकारी आवाजात म्हणायचो, “ज्यांची उशी घरी राहिली आहे त्यांनी काळजी करू नये, ती रोज उन्हात ठेवली जाते. ज्यांना डाळ बेचव लागते त्यांनीही ती संपवावी. सकाळचा चहा चुकून दोघांचा होतो, याची नोंद घ्यावी.”

सेक्रेटरीने विचारलं, मराठी सूचना एवढी लांब कशी? मी सांगितलं, मराठीत नियम जास्त असतात.

मग दोन दिवस खिडकी रिकामी. नर्सबाई फाटकातून एवढंच म्हणाल्या की ऑक्सिजन लावलाय.

तिसऱ्या दिवशी तेलुगू कागद कसाबसा वाचला. मराठीत म्हणायचं होतं, घरी ये. तोंडून निघाली ती हळदीच्या डब्याची घोषणा. ड्रायव्हरने ऑटो बंद केला. लोक दारात येऊन उभे राहिले.

बऱ्याच वेळाने गजांवर एक हात आला, मग दुसरा. चारचौघांत माझ्याशी कधी चढ्या आवाजात न बोललेली ती, मास्क हनुवटीवर ओढून धापा टाकत म्हणाली, “डबा पिठाच्या पिंपामागं हाय, मास्तर. साऱ्या गावाले काऊन सांगून राह्यले?”