ट्यूबलाइटखाली पास नाही

आमच्या घरात सकाळ व्हायची ती सासऱ्यांना बडवून. बडवणारा मी. सासरे पलंगावर पालथे, कमरेखाली उशांची चळत, डोकं खाली उतरलेलं, आणि त्यांच्या बरगड्यांवर माझे दोन्ही हात ढोलकीसारखे चाललेले. जावयाला पाटावर बसवून ओवाळणारी घरं पुष्कळ असतील. आमच्याकडे जावयाला पलंगाशी उभं करून "अजून जोरात, जावईबापू" म्हणायचे.

त्यांना आम्ही अण्णा म्हणत असू. आजाराचं नाव ब्रॉन्किएक्टॅसिस. ते मला धड म्हणता येईपर्यंत समोरचा माणूस विषय बदलायचा. अण्णांनी मात्र ते एका दमात समजावलं होतं. "फुफ्फुसातले पाइप रुंद झालेत. पाइप रुंद झाला की गाळ पुढे सरकत नाही. गाळ बसला की जंतू बसतात. म्हणून लाइन रोज फ्लश करायची. तुंबल्यावर प्लंबर शोधण्यात काय हशील?"

सासूबाई होत्या तोवर हे काम त्यांचं होतं, बांगड्यांच्या तालावर. त्या गेल्या आणि अण्णा आमच्याकडे अंबरनाथ पूर्वेला राहायला आले. बायको सकाळीच ऑफिसला जाणार आणि मी घरून काम करणारा, म्हणजे तिच्या मते रिकामा. सुरुवातीला मी सासऱ्यांच्या पाठीवर भीत भीत हात फिरवायचो. अण्णा उशीतून म्हणाले, "मांजर नाही मी. हाताची ओंजळ करा, पालथी. चापट नको, पोकळ आवाज आला पाहिजे." आवाज जमला तो थेट समोरच्या बिल्डिंगपर्यंत. तिथल्या आंटी माहेरच्या उल्हासनगरच्या सिंधी. खिडकीतून बघून त्या तडक दारात आल्या. "भाईसाब, बुजुर्ग आदमी है. ऐसे मारते हैं क्या?" मी काही बोलायच्या आत डोकं खाली असलेले अण्णा म्हणाले, "आंटी, रोखू नका, ह्यांचा हात आत्ता कुठे बसलाय." आंटी गेल्या, पण पुढे कितीतरी दिवस लिफ्टमध्ये त्या माझ्याकडे नाही, माझ्या हातांकडे बघायच्या.

बडवणं झालं की अण्णा उठून बसत, आरशावर वाफ सोडावी तसे दीर्घ उच्छ्वास सोडत आणि जो कफ सुटेल तो एका पारदर्शक कपात घेत. मग तो कप खिडकीशी. सगळा जन्म त्यांनी मोरिवलीच्या एका रंगाच्या कारखान्यात शेड नमुन्याशी ताडून पास करण्यात घालवला होता. त्यामुळे आमच्या चहाच्या वेळेला निकाल जाहीर व्हायचा: "आज क्रीम. पास." आयव्हरी निघाली तर स्वारी खूश. मोहरी म्हणजे पाणी वाढवा, वाफ वाढवा, लक्ष ठेवा. आणि शेवाळी निघाली की डॉक्टर. मी कधीमधी बिस्किट खाली ठेवून विनवायचो, "अण्णा, दिव्याखाली पटकन बघून टाका ना." ते म्हणत, "शेड ट्यूबलाइटखाली बघायची नसते. ट्यूबलाइटखाली सगळंच पास होतं."

पावसाळ्याच्या तोंडावर ते फ्लूची लस घेत आणि आम्हालाही रांगेत उभं करत. "घाण बाहेरून येते, आणि बाहेर तुम्ही फिरता." सुई पाहून माझा चेहरा कोणत्या शेडचा होतो, तेही ते नर्सला सांगत.

मग आमच्या मुग्धाचं लग्न ठरलं, कुळगावच्या हॉलमध्ये. नातीसाठी अण्णांनी स्वतः मंगलाष्टक रचलं. शेवटच्या ओळीत एवढी लांब तान ठेवली होती की ती ऐकताना मलाच धाप लागायची. "ही तान म्हणून झाली की मी मोकळा," ते म्हणत.

लग्न तोंडावर आलं आणि अण्णांचे पोहे बशीत उरू लागले. खोकला वाढला. विचारलं तर म्हणत, "हवा बदलतेय." एका सकाळी ते कप घेऊन खिडकीकडे न जाता बाथरूममध्ये शिरले. आतून आवाज आला, "क्रीम. पास."

मी दाराशी जाऊन म्हणालो, "अण्णा, ट्यूबलाइटखाली पास केलीत?"

बराच वेळ नळ वाहत राहिला. मग दार उघडलं आणि कप माझ्या हातात आला. खिडकीत धरला. तळ्याच्या पायरीसारखी शेवाळी.

"ॲडमिट केलं तर मंगलाष्टक कोण म्हणणार?" ते पलंगावर बसत म्हणाले.

"मी म्हणेन."

"म्हणूनच लपवलं."

डॉक्टरांनी आधी कफाचा नमुना घेतला, मग गोळ्या लिहून दिल्या. अण्णांना ते पटलं. "आधी टेस्ट, मग ट्रीटमेंट. माणूस कारखान्यात चालला असता." डॉक्टर म्हणाले, "वेळेवर आलात म्हणून घरी सोडतोय. आणखी वाट बघितली असती तर अक्षता वॉर्डात टाकाव्या लागल्या असत्या." बडवणं आता सकाळ-संध्याकाळ सुरू झालं. शेड उजळली तसा मी म्हणालो, "आता गोळ्या बंद करायला हरकत नसावी." अण्णांनी माझ्याकडे बघितलं. "चालू बॅच अर्धी सोडतात का, जावईबापू?" डॉक्टरांनी सांगितल्या तितक्या सगळ्या गोळ्या त्यांनी घेतल्या.

लग्नात ते होमाच्या धुरापासून लांब, तोंडाला मास्क लावून बसले होते. वेळ आली तसा मास्क उतरवून उभे राहिले. मंगलाष्टक सुरेख चाललं. शेवटची तान चढली, चढली आणि "सावधा" वर अडकली. अंतरपाट धरलेले भटजी थांबले. अक्षतांच्या मुठी हवेत. मी मागेच उभा होतो. विचार असा केलाच नाही, हाताची आपोआप ओंजळ झाली आणि भर मांडवात मी सासऱ्यांच्या पाठीत दोन पोकळ ठोके दिले. "न" बाहेर पडला. व्याही मंडळी दोन पावलं मागे सरली. अंतरपाटाआडून मुग्धाचं हसणं मात्र शेवटच्या रांगेपर्यंत गेलं.

पुढल्या वर्षी अण्णा गेले. पाइपांनी दगा दिला नाही. हृदय थांबलं, दुपारच्या झोपेत. कितीतरी दिवस सकाळी चहा गार व्हायचा, कारण निकाल सांगायला कोणी नसायचं.

परवा मुग्धा बाळाला घेऊन आली. दूध पाजून तिने पोर माझ्या खांद्यावर टाकलं. "बाबा, ढेकर काढा." मी पाठीवर थोपटायला लागलो, अगदी हलके, पण ओंजळ करून. तो पोकळ आवाज आला तशी आतल्या खोलीतून बायको बाहेर आली आणि दारातच उभी राहिली. बाळाने मोठी ढेकर दिली आणि माझ्या शर्टावर दूध काढलं.

मुग्धा फडकं शोधायला लागली. मी म्हणालो, "थांब."

आणि खांदा घेऊन खिडकीशी गेलो.

"क्रीम आहे," मी सांगितलं. "पास."