मंगळवेढेकरांचे पत्र

सोलापुरात भांडखोर माणसांचा तुटवडा कधीच नव्हता. पण आमच्या संपादकांइतका स्वतःशीच कडाकडा भांडणारा माणूस या गावाने दुसरा पाहिला नसेल. त्या भांडणात शेवटी कोण जिंकले, हे मला अजून नक्की सांगता येत नाही. मी त्यांच्या साप्ताहिकाचा व्यवस्थापक. कागद, शाई, वर्गणीदारांचे पत्ते, टपालाचे गठ्ठे, साऱ्याच्या याद्या माझ्याकडे असत. फक्त संपादक कोणत्याही यादीत बसत नसत. सगळे त्यांना अप्पा म्हणत. नाकावर एक चष्मा, कपाळावर दुसरा आणि तिसऱ्याचा शोध चालू. गिरण्यांचे भोंगे दोन-चार मिनिटांच्या फरकाने होत; त्यांतला सर्वांत शेवटचा तेवढाच अप्पा खरा मानत, म्हणून त्यांच्या मते त्यांचा अग्रलेख कधीच उशिरा आला नाही. तपासलेली मुद्रिते, म्हणजे प्रुफे, पगडीत खोचून ती छापखानाभर शोधत फिरत. एकदा तीच पगडी घालून ते लग्नाला गेले आणि अंकाचे दुसरे पान आम्हाला जिलबीच्या पंगतीतून सोडवून आणावे लागले.

त्यांचा एक नियम होता. एका अंकात अग्रलेख आला, की पुढच्या अंकात त्याला विरोध झालाच पाहिजे. "ज्यात संपादकाला कुणी खोटं पाडत नाही तो पेपर नव्हे, पंचांग," असे ते म्हणत. पण गावकरी तोंडावर वाहवा करीत, पाठीमागे नावे ठेवीत आणि पत्र म्हणून लिहीत नसत. तेव्हा विरोधही अप्पाच लिहू लागले. खाली सही, 'एक मंगळवेढेकर'. हा गृहस्थ भलताच फटकळ निघाला. मुलींच्या शाळेला आणखी खोली कशाला, असे अग्रलेखाने विचारले, तर याने लिहिले, "संपादकमहाशय, आपणांस मुलगी नाही, म्हणून आपली अक्कल इतकी मोकळी फिरते." हे लिहून अप्पा स्वतःच लाल झाले. उत्तरात त्यांनी त्याला अडाणी म्हटले. त्याने माफी मागायला सांगितले. अप्पांनी दोन दिवस जेवण टाकले आणि पहिल्या पानावर माफी छापली. छपाईचे खिळे जुळवणारे यल्लप्पा, घरी तेलुगू आणि छापखान्यात मराठी बोलणारे, हात थांबवून म्हणाले, "अप्पा, लिवणार तुमी, चिडणार तुमी, माफी पन तुमीच मागणार. आमी बाजू कुनाची घ्यायची?"

"त्याची," अप्पा खेकसले. "तो खरं बोलतो."

पुढे अप्पांची दृष्टी अधू झाली. अग्रलेख ते तोंडी सांगत, मी उतरवून घेई. मंगळवेढेकर मात्र गप्प झाला. "त्याचं पत्र आलं का हो, व्यवस्थापक?" त्यांनी विचारले. मी हसलो. ते हसले नाहीत. पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच. ही थट्टा की विसर, मला कळेना. तिसऱ्या आठवड्यात मीच एक पत्र लिहिले आणि आलेले म्हणून वाचून दाखवले. सतरा वर्षे "होय अप्पा" म्हणून गिळलेले सगळे त्यात उतरले. अप्पांनी मांडीवर थाप मारली. "बघा, अजून धार आहे माणसाला!" मग दर आठवड्याला मी लिहीत गेलो.

वर्षभराने डॉक्टरांनी काम बंद करायला सांगितले. अप्पांना मूलबाळ नव्हते. पेपर कुणाच्या हाती द्यायचा, याची मी यादी केली: पुण्याचा वकील पुतण्या, एक शाळामास्तर आणि, जरा संकोचाने, तिसरा मी.

"पुतण्या पेपर विकून टाकील. मास्तर घाबरट. आणि तुम्ही? तुम्ही मला कधी 'नाही' म्हणालात?"

मी तर दर आठवड्याला म्हणत होतो.

"मंगळवेढेकरांना बोलवा. पेपर त्यांना देतो, नाहीतर बंद करतो."

चार दिवस मी गोंधळलेला होतो. खरे सांगावे तर म्हाताऱ्याचे मन मोडणार, न सांगावे तर छापखान्याला कुलूप. शेवटी यल्लप्पा म्हणाले, "सायेब, लई इचार करू नका. तुमीच जावा की."

"अहो, मी तर रोज समोरच असतो!"

"मग भाईर जाऊन दारातनं पुन्ना आत या."

मी टोपी सारखी केली, बाहेर गेलो आणि पुन्हा आत आलो. "मंगळवेढेकर आलेत," मी माझ्याच आवाजात म्हणालो. अप्पांनी उपरणे सावरले, उठून हात जोडले. "या. फार वाट पाहायला लावलीत. व्यवस्थापक, यांना चहा सांगा."

आता बसावे की चहा सांगायला जावे? आधी चहा सांगून आलो, मग समोर बसलो. अप्पांनी चाचपडत माझा हात शोधला आणि त्यात आपली लेखणी ठेवली. "मला बोलता तसं सगळ्यांना बोला. आणि आमच्या व्यवस्थापकाला सांभाळा. माणूस चांगला आहे, फक्त बोलत नाही."

ते हसत होते का, हे मी खाली मान घातल्यामुळे पाहिले नाही. नंतर विचारायचे राहिले, आणि पुढल्या उन्हाळ्यात अप्पाच राहिले नाहीत.

पेपर चालू आहे. अग्रलेख मी लिहितो; विरोधाचे पत्र काही येत नाही. कधी दौत उघडून बसतो, 'संपादकमहाशय' एवढे लिहितो, आणि पुढे कुणाच्या वतीने बोलावे तेच समजत नाही.